२००८ च्या संकटानंतर बँकप्रमुखांना शिक्षा का झाली नाही?

सायली_क
रॉयल बँक ऑफ स्कॉटलंड २००८ मध्ये बुडता बुडता वाचली, ती ब्रिटिश सरकारने तिच्यात ओतलेल्या सुमारे ४५ अब्ज पौंडांमुळे. तिचे माजी प्रमुख फ्रेड गुडविन यांनी फेब्रुवारी २००९ मध्ये संसदीय समितीपुढे माफी मागितली. पुढे लोकक्षोभामुळे त्यांचे निवृत्तिवेतन कमी झाले आणि २०१२ मध्ये 'सर' हा किताब गेला. खटला मात्र झाला नाही. आइसलँडमध्ये बँकप्रमुख तुरुंगात गेले. हा फरक कायद्याचा, की इच्छाशक्तीचा?

वि. गो.
माझ्या मते मुख्यतः कायद्याचा. बाजार डळमळू लागला असतानाही २००७ मध्ये एबीएन ॲम्रो ही डच बँक विकत घेणे हा आत्मघातकी निर्णय होता. पण तो संचालक मंडळाने घेतला आणि भागधारकांनी प्रचंड बहुमताने उचलून धरला. वाईट निर्णय घेणे हा तेव्हा गुन्हा नव्हता. शिवाय ज्या निर्णयावर सर्वांच्या सह्या असतात, त्याची जबाबदारी कोणा एकावर टाकता येत नाही, आणि हे त्या सह्या करणारे पुरते ओळखून असतात.

नंदन पुणेकर
आइसलँडमध्येही शिक्षा बँक बुडवल्याबद्दल झाली नाही, हे सहसा कोणी सांगत नाही. सप्टेंबर २००८ मध्ये कतारच्या एका शेखने कौपथिंग बँकेचे पाच टक्क्यांहून थोडे अधिक समभाग घेतल्याची बातमी आली, तेव्हा बँकेवर बाहेरच्यांचा भरवसा आहे असे चित्र उभे राहिले. प्रत्यक्षात त्या खरेदीसाठी पैसा कौपथिंगनेच कर्जाऊ दिला होता. ही लबाडी कागदोपत्री सिद्ध झाली आणि २०१५ मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने चौघांच्या चार ते साडेपाच वर्षांच्या शिक्षांवर शिक्कामोर्तब केले.

सायली_क
पण ते कागद शोधायला विशेष सरकारी वकील नेमावा लागला, आणि ते पद एका लहान गावच्या पोलीसप्रमुखाने स्वीकारले. ही इच्छाशक्तीच नव्हे काय?

वि. गो.
तो मुद्दा मान्य. ब्रिटनने २०१३ मध्ये कायदा करून, बेफिकीर निर्णयामुळे बँक बुडाल्यास सात वर्षांपर्यंत कैदेची तरतूद केली. वरिष्ठ अधिकाऱ्यांनी आपण योग्य काळजी घेतल्याचे स्वतःच सिद्ध करावे, असेही त्यात होते. परंतु २०१६ मध्ये नवी व्यवस्था लागू होण्याआधीच ही अट काढून टाकण्यात आली. बँकवाल्यांना सर्वाधिक धास्ती नेमकी तिचीच होती, असे मला वाटते.