मदत हवी आहे : किल्लारीच्या जुन्या गावाचा नकाशा

नमस्कार मंडळी. ३० सप्टेंबर १९९३ची पहाट. गणपती विसर्जन करून गाव नुकतं झोपलं होतं आणि ३:५६ला भूकंपानं दगडमातीची माळवदं अंगावर आली. आमचं किल्लारी नव्या जागी वसलं, पण जुन्या गल्ल्या आता फक्त म्हाताऱ्यांच्या डोक्यात उरल्यात.

परवा चुलतीनं फरशीवर तुरीचे दाणे मांडून घरं दाखवली. हा पार, हा आड, हे आपलं. एका दाण्यावर बोट थांबलं. मग सगळे दाणे गोळा करून सुपात टाकले. मी पुढं विचारलंच नाही.

भूकंपाआधीचा गावठाणाचा नकाशा भूमी अभिलेखात मिळतो का? कुणाकडं तेव्हाच्या लग्नांचे, गल्लीतले फोटो आहेत का? आणि अशा आठवणी रेकॉर्ड करताना विचारायचं तरी कसं? चुलती ऐंशीची झालीय, म्हणून घाई.