कारखान्याच्या रात्रपाळीचा आवाज : कायदेशीर मार्ग कोणता?

प्रश्न : आमच्या इमारतीमागील कारखान्यात रात्री अकरानंतर प्रेस मशीन सुरू होते आणि प्रत्येक ठोक्यासरशी खिडकीची तावदाने थरथरतात. तोंडी विनंत्यांचा उपयोग झाला नाही. आता कोणाकडे दाद मागावी?

उत्तर १ : ध्वनिप्रदूषण नियम, २००० नुसार निवासी क्षेत्रात दिवसा ५५ आणि रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. पातळी त्याहून १० डेसिबल किंवा अधिक वाढल्यास नियम ७ प्रमाणे प्राधिकरणाकडे (म्हणजे जिल्हा दंडाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा राज्य सरकारने नेमलेला अधिकारी) तक्रार करता येते. तक्रार लेखीच द्या, पोच घ्या आणि राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाकडे अधिकृत मोजणीची मागणी करा, कारण मोबाइलवरील ॲपचे आकडे पुरावा म्हणून फारसे टिकत नाहीत.

उत्तर २ : सार्वजनिक उपद्रव हटवण्यासाठी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १३३) कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो, आणि माझ्या मते सामान्य रहिवाशांना हाच मार्ग सर्वांत जवळचा आहे. मात्र अर्जावर अनेक शेजाऱ्यांच्या सह्या असाव्यात. एकट्याची तक्रार खासगी भांडण समजली जाऊ शकते.

उत्तर ३ : राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाकडे (पर्यावरणविषयक वाद ऐकणाऱ्या न्यायसंस्थेकडे) जायचे असल्यास मुदत सांभाळा. न्यायाधिकरणाच्या कायद्यातील कलम १४ खालील अर्ज वादाचे कारण प्रथम उद्भवल्यापासून सहा महिन्यांत करावा लागतो. पुरेसे कारण असल्यास आणखी साठ दिवस मिळू शकतात. त्यामुळे आवाजाच्या तारखा-वेळांची नोंदवही आजपासूनच ठेवा.