सही केली म्हणजे संमती झाली का?

आडवाट: तुरुंगावरच्या माहितीपटांत खऱ्या कैद्यांना चेहऱ्यासकट दाखवतात, ते मला पटत नाही. ‘सही घेतली आहे’ म्हणे! ज्याची भेट, बराक, पॅरोल सगळं दुसऱ्याच्या हातात, तो ‘नाही’ म्हणणार कोणाच्या जिवावर? सुटल्यावर नोकरी मागायला गेला की त्याच्याआधी त्याचा चेहरा पोचलेला असतो.

कोरा कागद: चेहरे झाकण्यात खरा फायदा कोणाचा, तेही बघा. फ्रेडरिक वाइजमनच्या ‘टिटिकट फॉलीज’मध्ये (१९६७) मॅसॅच्युसेट्समधलं मनोरुग्ण कैद्यांचं इस्पितळ आहे. एकाला नाकातून नळी घालून जबरदस्तीने भरवतायत, डॉक्टरच्या तोंडात सिगारेट, आणि तिची लांबलेली राख बरोबर नरसाळ्यावर लोंबतेय. सरकार कोर्टात गेलं ते ‘कैद्यांच्या खासगीपणासाठी’. सर्वसामान्य प्रेक्षकांसाठी बंदी उठली १९९१ साली. अब्रू कोणाची वाचवत होते?

आडवाट: सरकारचा कावा मान्य. पण त्या माणसांपैकी कित्येकांना संमती म्हणजे काय हे कळण्याची अवस्थाच नव्हती. सरकार लबाड होतं म्हणून दिग्दर्शक आपोआप सोवळा ठरत नाही.

निमूट: +१. शिवाय कॅमेरा दिसला की माणूस नाटक करतोच, कैदी काय नि आपण काय. (लग्नाचे व्हिडिओ आठवा.)

कोरा कागद: आणि ज्याला बोलायचंच आहे त्याचं काय? ‘द थिन ब्लू लाइन’ (१९८८) बघा. पोलिसाच्या खुनात अडकवलेला माणूस कॅमेऱ्यासमोर शांतपणे आपली बाजू मांडतो. शेवटी पडद्यावर नुसता टेपरेकॉर्डर, आणि ज्याच्या साक्षीवर तो अडकला त्याचा आवाज: तो निर्दोष आहे हे मला माहीत आहे. १९८९ मध्ये माणूस सुटला. चेहरा पुसट करून ‘कैदी क्रमांक अमुक’ लिहिलं असतं तर कोणाला पाझर फुटला असता?

आडवाट: त्याच माणसाची पुढची गोष्ट सोयीस्करपणे गाळलीत. सुटल्यावर स्वतःच्या आयुष्याच्या कथेचे हक्क परत मिळवायला त्याला त्याच दिग्दर्शकाविरुद्ध कोर्टात जावं लागलं! आत असताना सही केली होती ना.

कोरा कागद: हो, गेला. पण बाहेर होता म्हणून जाऊ शकला.

निमूट: मग सुटल्यावर पुन्हा एकदा विचारा की. तेव्हा ‘नको’ म्हणाला तर तेवढा भाग काढायचा.

आडवाट: आणि जन्मठेपवाल्याला कधी विचारायचं?