मदत हवी आहे: सासूबाईंना हळदीकुंकवात सामील कसं करून घेऊ?

सासरे गेल्यापासून संक्रांतीच्या हळदीकुंकवाला सासूबाई आतल्या खोलीत बसून राहतात. वाण त्यांनी निवडलेलं, तिळाच्या वड्या त्यांच्याच हातच्या, आणि बायका आल्या की त्याच दिसत नाहीत. मला हे पाहवत नाही. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने २०२२ साली विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला, पाठोपाठ शासनाचं परिपत्रकही आलं. आमच्याकडे मात्र मोठ्या जाऊबाई नाराज होतात आणि सासूबाई स्वतःच मागे सरतात. त्यांच्यावर जबरदस्ती नकोय.

तुमच्यापैकी कोणी घरात अशी सुरुवात केली आहे का? पहिलं कुंकू कोणी लावलं? आमंत्रण देतानाच बायकांना कल्पना दिली होती का? ऐनवेळी कोणी टोचून बोललं तर सासूबाईंना कसं सांभाळायचं?