मेटोप्रोलॉल सक्सिनेट ४७.५ आणि मेटोप्रोलॉल टार्टरेट ५०, दोन्ही एकच गोळी आहे का?

लालबागकर

नमस्कार मंडळी, जरा अर्जंट आहे. आईला (वय ६८) बीपी आहे, त्यात गेल्या वर्षी हार्टचा त्रास झाला, टूडी इकोमध्ये पंपिंग कमी आलं आणि तेव्हापासून कार्डिओलॉजिस्टनी रोज सकाळी एक गोळी लावलीय. चिठ्ठीवर लिहिलंय मेटोप्रोलॉल एक्सएल ५०, दिवसातून एकदा. आज स्ट्रिप संपली, नेहमीच्या मेडिकलवाल्याकडे माल नव्हता म्हणून येताना स्टेशनबाहेरच्या एका दुकानातून घेतली. त्याने दुसऱ्याच कंपनीची दिली आणि म्हणाला सेम कंपोझिशन आहे, बिनधास्त द्या.

घरी येऊन दोन्ही स्ट्रिप ट्यूबलाइटखाली धरून बघितल्या. जुनीवर बारीक अक्षरात आहे, मेटोप्रोलॉल सक्सिनेट आयपी ४७.५ मिग्रॅ, इक्विव्हॅलंट टू मेटोप्रोलॉल टार्टरेट ५० मिग्रॅ, ॲज एक्सटेंडेड रिलीज फॉर्म. नवीनवर एवढंच आहे, मेटोप्रोलॉल टार्टरेट आयपी ५० मिग्रॅ.

आता जुन्या स्ट्रिपवरच लिहिलंय की टार्टरेट ५० च्या बरोबरीचं, म्हणजे मग दोन्ही सारखंच झालं ना? पण मनाला पटत नाहीये. आणि डॉक्टरांनी ५० लिहिलंय तर गोळीत ४७.५ का? हे सक्सिनेट आणि टार्टरेट नक्की काय आहे? आई सकाळी सातला चहा-पोळीबरोबर गोळी घेते, उद्या काय देऊ तेवढं आधी सांगा प्लीज.

औषधवाली_मुलुंड

दादा, आधी उद्याचं. ही नवीन गोळी त्या गोळीच्या जागी दिवसातून एक अशी देऊ नका. आणि गोळी बंदही करू नका, ही बीटा ब्लॉकर आहे, म्हणजे ठोके आणि बीपी कमी ठेवणारी, हार्टच्या पेशंटची अचानक तोडली तर बीपी, ठोके उसळी मारतात, छातीत दुखणं परत सुरू होऊ शकतं. तुम्ही लालबागला आहात तर परळला मोठ्या हॉस्पिटलांच्या आजूबाजूला रात्रभर उघडी असणारी मेडिकल आहेत, आत्ताच जाऊन सक्सिनेट एक्सटेंडेड रिलीज ५० वाली मागा, चिठ्ठी आणि जुनी स्ट्रिप दोन्ही बरोबर न्या. नाहीच मिळाली तर डॉक्टरांना सकाळी फोन लावा, तेच सांगतील. सातची गोळी दहाला घेतली तर एवढं बिघडत नाही, फक्त दुसऱ्या दिवशी डबल करायची नाही.

आता तुमचा मुद्दा. मी रोज काउंटरला उभी असते, हा घोळ मला नेहमी दिसतो आणि खरंच काळजी वाटते, कारण लोक फक्त पहिला शब्द वाचतात, मेटोप्रोलॉल दिसलं की झालं. साधी टार्टरेटची गोळी पोटात गेली की लगेच विरघळते, एक-दोन तासात रक्तातलं प्रमाण एकदम वर जातं आणि मग उतरायला लागतं. मेटोप्रोलॉलची हाफ लाइफ ३ ते ७ तासांची आहे, म्हणजे तेवढ्या वेळात रक्तातलं औषध निम्मं होतं, म्हणून साधी गोळी सहसा दिवसातून दोनदा देतात. तुमच्या आईंना ती सकाळी एकदाच दिली तर दुपारपर्यंत ठोके जास्तच मंद, कदाचित चक्कर, आणि रात्री उशिरा ते पहाटे औषध जवळजवळ नाहीच. एक्सटेंडेड रिलीजवाली तेवढंच औषध दिवसभर थोडं थोडं सोडते.

स्ट्रिपवरचं "इक्विव्हॅलंट" आहे ते औषध किती आहे याबद्दल आहे. ते शरीरात किती वेळात सुटणार याबद्दल ती ओळ काहीच सांगत नाही, त्यासाठी शेवटचे शब्द वाचायचे, एक्सटेंडेड रिलीज किंवा प्रोलाँग्ड रिलीज.

आणि त्या दुकानदाराने तुम्हाला असं परस्पर बदलून द्यायलाच नको होतं. शेड्यूल एचचं, म्हणजे चिठ्ठीवरच द्यायचं औषध आहे, डॉक्टरांना विचारल्याशिवाय चिठ्ठीतल्या औषधाच्या जागी दुसरं देता येत नाही, नियमच आहे तसा. स्ट्रिप कापली नसेल तर बिल घेऊन जा आणि परत करा.

कुर्लेकर७७

माझ्या वडिलांना टार्टरेटच आहे कितीतरी वर्षं, सकाळ-संध्याकाळ, एकदम ठणठणीत आहेत. म्हणजे टार्टरेट वाईट आहे असं काही नाही हां, ताईंनी सांगितलं तसं दोनदा घ्यायची असते एवढंच. सिंपल आहे, टार्टरेट म्हणजे फास्ट आणि सक्सिनेट म्हणजे स्लो, हे लक्षात ठेवायचं.

रसायनकाका

कुर्लेकर, शेवटचं वाक्य तेवढं बरोबर नाही आणि ते तसंच पाठ झालं तर पुढे कुणीतरी फसेल म्हणून जरा सविस्तर लिहितो. माझी अख्खी नोकरी तळोज्याच्या बल्क ड्रग प्लांटमध्ये क्वालिटी कंट्रोलला गेली, असली मीठं रोज टायट्रेट करायचो, म्हणजे त्यात औषध नेमकं किती ते मोजायचो.

मेटोप्रोलॉल हा मूळ रेणू, केमिस्ट्रीच्या भाषेत बेस. नुसता बेस लवकर वितळतो, दाबून गोळी करायला सोयीचा नाही. म्हणून त्याला एखाद्या ॲसिडबरोबर जोडतात आणि त्याचं मीठ तयार करतात, आम्ही सॉल्टच म्हणायचो. मीठ झालं की छान कोरडे स्फटिक मिळतात, वजन करता येतं, टिकतं, पाण्यात विरघळतं. टार्टारिक ॲसिड लावलं तर टार्टरेट, सक्सिनिक ॲसिड लावलं तर सक्सिनेट. टार्टारिक म्हणजे चिंचेत आणि द्राक्षात असतं तेच. सक्सिनिक पहिल्यांदा मिळालं ते अंबर नावाच्या जीवाश्म राळेला तापवून, अंबरला लॅटिनमध्ये सक्सिनम म्हणतात, त्यावरून ते नाव. आपल्या शरीरातल्या पेशीसुद्धा सक्सिनिक ॲसिड सतत बनवत असतात. गोळीतल्या काही मिलीग्रॅम ॲसिडने आपल्याला काही होत नाही, बीपीवर काम करतं ते मेटोप्रोलॉलच, दोन्हीकडे तोच रेणू.

आता ४७.५ चं कोडं, हे हिशेबानेच सुटतं. मेटोप्रोलॉलचा रेणूभार साधारण २६७. दोन्ही ॲसिडना दोन-दोन हात आहेत, म्हणून एका ॲसिडला मेटोप्रोलॉलचे दोन रेणू चिकटतात, दोनाचे झाले ५३४. टार्टारिक ॲसिड १५० चं, एकूण ६८४. सक्सिनिक ११८ चं, एकूण ६५२. म्हणजे टार्टरेटमध्ये ॲसिडचा भार जास्त आहे. ५० मिग्रॅ टार्टरेट घेतलं तर त्यात खरं मेटोप्रोलॉल ३९ मिग्रॅच्या आसपास, आणि ४७.५ मिग्रॅ सक्सिनेट घेतलं तरी ३९ च्या आसपासच. कागद-पेन घेऊन करून बघा, मजा येते. २३.७५ म्हणजे २५, ९५ म्हणजे १००, सगळे याच हिशेबातले.

मग आकडा टार्टरेटचाच का धरला? कारण टार्टरेट आधी बाजारात आलं. अमेरिकेत त्याला १९७८ मध्ये परवानगी मिळाली, सक्सिनेटची दिवसातून एकदाची गोळी आली १९९२ मध्ये. तोपर्यंत डॉक्टरांच्या डोक्यात २५, ५०, १०० बसलेलं होतं, ते बदललं असतं तर गोंधळ झाला असता म्हणून नवीन मीठाचं वजन जुन्या आकड्याला जुळवलं. सगळ्याच औषधात असं नसतं. ॲम्लोडिपिन ५ च्या स्ट्रिपवर ॲम्लोडिपिन बेसिलेट लिहिलेलं असतं, बेसिलेट म्हणजे बेंझिनसल्फोनिक ॲसिडचं मीठ. तिथे ५ हा आकडा नुसत्या बेसचा आहे, मीठ प्रत्यक्षात ६.९ मिग्रॅच्या आसपास घातलेलं असतं. म्हणून आकडा वाचताना तो कशाचा आहे हे बघावं लागतं, आणि ते स्ट्रिपवर लिहिलेलं असतंच.

आता फास्ट आणि स्लो. सक्सिनेट टार्टरेटपेक्षा पाण्यात कमी विरघळतं हे खरं, हळू सोडणारी गोळी बनवणाऱ्याला त्याची मदत होते. पण नुसती सक्सिनेटची पावडर कुणी खाल्ली तर ती काही २४ तास पुरणार नाही, तेवढं कमी विरघळत नाही ते. हळूपणा येतो गोळीच्या बांधणीतून. मूळ गोळीची रचना अशी की आत शेकडो बारीक दाणे, खसखशीएवढे, आणि प्रत्येक दाण्यावर पॉलिमरचा पातळ पापुद्रा. गोळी पोटात फुटते पण दाणे फुटत नाहीत, पापुद्र्यातून औषध तासन्‌तास झिरपत राहतं. काही कंपन्या दाण्यांऐवजी अख्खी गोळीच अशा जेलमध्ये बांधतात की ती बाहेरून हळूहळू झिजते. तेव्हा नावातलं सक्सिनेट वाचून "ही स्लो" असं धरू नका, एक्सटेंडेड रिलीज हे शब्द असले तरच स्लो. टार्टरेटच्याही एक्सटेंडेड रिलीज गोळ्या असतात.

लालबागकर

काका, ताई, खूप खूप धन्यवाद. रात्रीच परळला जाऊन आलो, दुसऱ्या दुकानात नेमकी मिळाली, सक्सिनेट ४७.५ एक्सटेंडेड रिलीज, कंपनी वेगळी आहे पण शब्द न शब्द जुळवून घेतला. काउंटरवरच्या माणसाने स्वतःहून विचारलं पेशंटला हार्ट फेल्युअर आहे का म्हणून, बरं वाटलं.

एक अजून, आईला मोठी गोळी गिळायला त्रास होतो, ती कधीकधी लाटण्याने चुरून मधात घेते. काकांनी पापुद्र्याचं सांगितलं आणि मला धडकीच भरली. आणि बीपी खाली गेलं की डॉक्टर अर्धी घ्या म्हणतात, ते चालतं का?

औषधवाली_मुलुंड

चुरायची अजिबात नाही दादा, आजपासून बंद. चुरली की पापुद्रे फुटतात आणि दिवसभराचं औषध एकदम सुटतं. चावायचीही नाही. अर्धी करणं हा वेगळा विषय, गोळीच्या मध्ये रेघ असेल आणि आत दाणे असतील तर रेघेवर तोडलेली चालते कारण दाणे शाबूत राहतात, पण चावून-चुरून नाही, तो अर्धा तुकडा सरळ गिळायचा. रेघ नसेल तर तोडू नका, २५ ची वेगळी स्ट्रिप मिळते ती मागा. गिळायला खूपच त्रास होत असेल तर कार्डिओलॉजिस्टना तसं स्पष्ट सांगा, ते दुसरा पर्याय देतील. आणि गोळी खाऊन झाल्यावर किंवा खाण्याबरोबरच, तुमच्या आई चहा-पोळीबरोबर घेतात ते उत्तम.

अजून दोन गोष्टी बघून ठेवा कारण पुढे स्ट्रिप बदलली की परत गोंधळ होईल. एक, काही स्ट्रिपवर एस-मेटोप्रोलॉल किंवा एस कंसात उणे चिन्ह असं लिहिलेलं असतं. मेटोप्रोलॉलचे आरशातल्या प्रतिमेसारखे दोन प्रकार असतात, नेहमीच्या गोळीत दोन्ही मिसळलेले, बीटा ब्लॉकचं काम मुख्यतः एस करतो. त्या गोळीचा आकडा निम्मा धरतात, म्हणजे एस २५ ही साध्या ५० च्या जागी. आकडा बघून "अरे ही २५ ची आहे, दोन देऊ" असं कुणी करू नये. दुसरं, टेल्मिसार्टन किंवा ॲम्लोडिपिनबरोबर जोडलेल्या गोळ्या येतात, बऱ्याचदा दोन रंगांच्या थरांच्या, त्यातही मेटोप्रोलॉलचा थर एक्सटेंडेड रिलीज असतो, त्याही चुरायच्या नाहीत.

रेसिडेंट_परळ

उशिरा वाचतेय, ड्युटी होती. वर सगळं बरोबर लिहिलंय, एकच भर घालते कारण आईंचं पंपिंग कमी आहे असं तुम्ही म्हणालात आणि तिथे हे नाव अजून जास्त महत्त्वाचं होतं.

पंपिंग कमी असलेल्या हार्ट फेल्युअरमध्ये आयुष्य वाढतं असं मोठ्या ट्रायलमध्ये सिद्ध झालेले बीटा ब्लॉकर मुख्यतः तीन, बिसोप्रोलॉल, कार्व्हेडिलॉल आणि मेटोप्रोलॉल सक्सिनेट हळू सुटणारं. मेटोप्रोलॉलची ती ट्रायल मेरिट-एचएफ, १९९९ मध्ये छापून आली, ३,९९१ पेशंट होते आणि गोळी घेणाऱ्यांमध्ये मृत्यू ३४ टक्क्यांनी कमी झाले. ते सगळं सक्सिनेटच्या एक्सटेंडेड रिलीज गोळीवर झालेलं आहे. साध्या टार्टरेटची २००३ च्या कॉमेट ट्रायलमध्ये कार्व्हेडिलॉलशी तुलना झाली तेव्हा ती मागे पडली. म्हणून कुर्लेकरांच्या वडिलांना बीपीसाठी टार्टरेट असेल तर ठीकच आहे, ते त्यांच्या डॉक्टरांनी विचार करून दिलेलं असणार, पण लालबागकरांच्या आईंना त्याऐवजी दिलेलं चालणार नाही.

ओपीडीत आम्ही ५० लिहितो, सक्सिनेट लिहायचं राहतं, एक्सएल, म्हणजे एक्सटेंडेड रिलीज, घाईत पुसट होतं. माझं स्पष्ट मत आहे की ही जबाबदारी आमची आहे, पूर्ण नाव लिहायला चार सेकंद जास्त लागतात. तुम्हीही पुढच्या व्हिजिटला चिठ्ठीवर "मेटोप्रोलॉल सक्सिनेट एक्सटेंडेड रिलीज" असं पूर्ण लिहून मागा, कुणी नाही म्हणणार नाही. आणि नाडी मोजायला शिकून घ्या, मिनिटाला ५० च्या खाली जायला लागली किंवा चक्कर, दम, पायाला सूज असं काही वाटलं तर थांबू नका, लगेच दाखवा.

दादरची_शुभदा

मस्त माहिती, मी लगेच घरातला औषधांचा डबा काढून बसले. शेवटी -ओलॉल आलं की सगळे एकाच घराण्यातले असतात का? आणि सासूबाईंच्या गुडघ्याच्या जेलवर डायक्लोफेनॅक डायएथिलामाइन १.१६ टक्के लिहिलंय, गोळीवर डायक्लोफेनॅक सोडियम. हे पण तसंच का?

रसायनकाका

हो, -ओलॉल म्हणजे बीटा ब्लॉकर, ॲटेनोलॉल, प्रोप्रॅनोलॉल, बिसोप्रोलॉल वगैरे. जागतिक आरोग्य संघटना औषधांची नावं ठरवते तेव्हा एका घराण्याला एक शेपूट देते. -सार्टन, -प्रिल, -डिपिन तसेच. टिमोलॉलचे डोळ्यात घालायचे थेंब असतात काचबिंदूला, तेही याच घराण्यातले, म्हणून दम्याच्या पेशंटने थेंब असले तरी डॉक्टरांना सांगावं.

जेलचं उलटं आहे. डायक्लोफेनॅक स्वतःच ॲसिड, म्हणून त्याला जोडीला बेस लागतो, गोळीत सोडियम, जेलमध्ये डायएथिलामाइन. १.१६ टक्के हे १ टक्का डायक्लोफेनॅक सोडियमच्या बरोबरीचं, ट्यूबवर तसं लिहिलेलं सापडेल. सासूबाई गोळी आणि जेल दोन्ही वापरत असतील तर डॉक्टरांना तेही सांगा, आणि किडनीचा काही त्रास असेल तर नक्कीच.

लालबागकर

अपडेट देतो. सकाळी डॉक्टरांशी बोललो, परळहून आणलेली गोळी बरोबर आहे म्हणाले, चुरणं बंद, गिळायला जमत नसेल तर २५ च्या दोन छोट्या देऊ म्हणाले. दुकानदाराने टार्टरेटची स्ट्रिप बिल बघून परत घेतली. मी आता फोनमध्ये आईच्या सगळ्या स्ट्रिपच्या मागच्या बाजूचे फोटो काढून ठेवलेत, बहिणीला पण पाठवलेत, पुढच्या वेळेला जो कुणी आणायला जाईल तो फोटो दाखवून आणेल.