‘ॲग्लायकोन’ म्हणजे नेमके काय, आणि मराठीत तो शब्द कसा वापरावा?

शब्दशोधिका

नमस्कार. मी अनुवादाचे काम करते. सोयाबीनच्या अर्कापासून केलेल्या एका पूरक आहाराचे माहितीपत्रक सध्या मराठीत आणते आहे. प्रत्येक गोळीत ४० मिलिग्रॅम आयसोफ्लेवोन (सोयाबीनमधील संयुगांचा एक गट) असल्याचे त्यात लिहिले असून त्या आकड्याला ‘ॲग्लायकोन समतुल्य’ अशी पुस्ती जोडलेली आहे. कोशात ‘ग्लायकोसाइडचा शर्करेतर भाग’ एवढाच अर्थ सापडला. त्यावरून मी आधी ‘४० मिलिग्रॅम साखरविरहित आयसोफ्लेवोन’ असे लिहिले, पण ते वाचल्यावर मधुमेहींसाठी काढलेल्या बिस्किटांच्या पुड्याची आठवण झाली आणि ते खोडले. ‘अशर्करा’ असा शब्द घडवून पाहिला, त्यानेही समाधान झाले नाही.

या शब्दाचा अर्थ मुळातून समजावा आणि तो वाक्यात कसा चालवावा हे कळावे, एवढीच विनंती आहे. आणखी एक शंका आहे. याच पत्रकाच्या आधीच्या कोणीतरी केलेल्या अनुवादात एका तक्त्यात ‘जेनिस्टिन’ आणि ‘जेनिस्टीन’ अशा दोन ओळी एकाखाली एक आल्या आहेत. ही छपाईची चूक समजून त्यांतली एक काढून टाकावी का?

प्रयोगशाळेतला

कृपया काढू नका. ती दोन वेगळी संयुगे आहेत, आणि तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तरही त्या दोन ओळींतच आहे.

वनस्पती आपल्या पेशीत तयार होणारे अनेक पदार्थ मोकळे ठेवत नाहीत, तर त्यांना शर्करेचा एखादा रेणू जोडून ठेवतात. अशा जोडीला ग्लायकोसाइड म्हणतात. शर्करा जोडल्यामुळे तो पदार्थ पाण्यात अधिक विरघळतो आणि पेशीतल्या रिक्तिकेत, म्हणजे द्रवाने भरलेल्या पिशवीत, साठवता येतो. पुढे विकराने (एन्झाइमने) किंवा आम्लाने हा जोड तुटला, म्हणजे जलअपघटन झाले, की एका बाजूला शर्करा सुटते आणि दुसऱ्या बाजूला जे उरते ते ॲग्लायकोन. सोयाबीनच्या दाण्यातले जेनिस्टिन हे ग्लायकोसाइड आहे. त्यातून ग्लुकोज निघून गेला की उरते ते जेनिस्टीन. म्हणजे पहिली ओळ जोडीची आहे आणि दुसरी त्या जोडीतल्या शर्करेतर घटकाची. रोमन लिपीत या दोन नावांत एका स्वराचा फरक डोळ्यांना दिसतो, पण देवनागरीत तो ऱ्हस्व-दीर्घावर येऊन ठेपतो आणि मुद्रितशोधकाच्या हातून सहज पुसला जातो. म्हणून मी स्वतः दुसरे नाव ‘जेनिस्टेइन’ असे लिहितो. सोयाबीनमधल्याच डेड्झिन आणि डेड्झेइन या जोडीचेही तसेच.

आता ‘समतुल्य’ का म्हणतात ते पाहू. जेनिस्टिनचे रेणुवस्तुमान सुमारे ४३२ आहे, तर जेनिस्टेइनचे सुमारे २७०. फरक १६२ चा येतो. ग्लुकोजचे वस्तुमान १८० असताना १६२ कसे, असा प्रश्न विद्यार्थी हमखास विचारतात. जोड तुटताना पाण्याचा एक रेणू, म्हणजे १८, खर्ची पडतो आणि ४३२ अधिक १८ बरोबर २७० अधिक १८० असा हिशेब जुळतो. तेव्हा १०० मिलिग्रॅम जेनिस्टिनमध्ये जेनिस्टेइन सुमारे ६२.५ मिलिग्रॅम भरते, बाकीचे वजन शर्करेचे. एका उत्पादकाने शर्करेसकट वजन छापले आणि दुसऱ्याने शर्करा वगळून छापले, तर एकाच गुणाच्या दोन गोळ्यांपैकी एकीवर ६४ आणि दुसरीवर ४० असा आकडा दिसेल. भांडे एकाने झाकणासह तोलावे आणि दुसऱ्याने झाकणाविना, तसा हा प्रकार आहे. तो टाळण्यासाठी सगळे आकडे ॲग्लायकोनच्या वजनात सांगण्याची पद्धत पडली.

एक गोष्ट मात्र आवर्जून सांगतो. ‘ॲग्लायकोन’ हे एखाद्या रासायनिक कुळाचे नाव नाही, ते नात्याचे नाव आहे. ‘माहेर’ या शब्दासारखे. घर तेच असते, पण ते माहेर ठरते ते लेकीच्या संदर्भात. क्वेर्सेटिन हे स्वतंत्रपणे एक फ्लेवोनॉइड (वनस्पतींतल्या संयुगांच्या एका मोठ्या गटातले) आहे. रुटिन या ग्लायकोसाइडचा विषय निघाला की तेच रुटिनचे ॲग्लायकोन होते. म्हणून ‘या फळात ॲग्लायकोन असते’ असे वाक्य अर्धवट वाटते. कशाचे ॲग्लायकोन, ते सांगायला हवे.

गुरांचा डॉक्टर

वरचे उत्तर नेमके आहे. तरी हा शब्द केवळ गोळ्यांच्या वेष्टनावरचा नाही, हे दाखवण्यासाठी आमच्या भागातले उदाहरण देतो.

कोवळी ज्वारी किंवा कापणीनंतर खोडक्याला फुटलेले पोंगे जनावरांनी खाल्ले की त्यांना ‘किरळ लागते’, हे जुने शेतकरी चांगले जाणतात. पाऊस ओढ देऊन पीक सुकले असेल तर धोका अधिक. यामागे धुरिन नावाचे ग्लायकोसाइड असते. डन्स्टन आणि हेन्री या इंग्रज रसायनतज्ज्ञांनी ते १९०२ मध्ये ज्वारीतून वेगळे केले, आणि ज्वारीच्या अरबी नावावरून, धुर्रावरून, त्याचे नामकरण झाले. धुरिन आणि ते तोडणारे विकर ही दोन्ही त्याच पानात असतात, परंतु वेगवेगळ्या पेशींत: धुरिन पानाच्या वरच्या थरातील पेशींच्या रिक्तिकांत, तर विकर आतल्या हिरव्या पेशींच्या हरितलवकांत. पान उभे आहे तोवर दोघांची गाठ पडत नाही. जनावराने चावले की पेशी फुटतात, ग्लुकोज सुटतो आणि धुरिनचे ॲग्लायकोन मोकळे होते. ते अस्थिर असल्यामुळे पुढे लगेच फुटते आणि हायड्रोजन सायनाइड बाहेर पडते. रवंथ करणाऱ्या जनावरांत पोटातले सूक्ष्मजीवही शर्करा तोडण्याचे काम करतात, म्हणून गाय-म्हशींना हे विष फार लवकर चढते. सोडियम नायट्राइट आणि सोडियम थायोसल्फेट शिरेतून देण्याचा उपचार आहे, पण त्यासाठी डॉक्टर वेळेवर पोहोचला पाहिजे, आणि बहुतेक वेळा तिथेच घोडे अडते.

या उदाहरणात विष नेमके कोणते, असे कोणी विचारले तर ‘धुरिन’ हे उत्तर ढोबळ ठरते. धुरिन ही बंद पेटी आहे. ॲग्लायकोन म्हणजे पेटी उघडल्यावर बाहेर येणारा माल, आणि सायनाइड हे त्या मालातून निघणारे विष. या तीन पायऱ्या वेगळ्या सांगता याव्यात यासाठी मला हा शब्द उपयोगी पडतो. पीक फुलोऱ्यावर आले की धुरिनचे प्रमाण पुष्कळ उतरते, त्यामुळे चाऱ्यासाठी फुलोऱ्यानंतर कापणी करण्याचा सल्ला आम्ही देतो. मोहरी फेसताना नाकात चढणारा झणकाही असाच शर्करा तुटून सुटलेल्या ॲग्लायकोनचा असतो.

नारिंगी

डॉक्टरसाहेबांच्या शेवटच्या वाक्याला थोडी दुरुस्ती सुचवते, कारण या शब्दाच्या वापराची मर्यादा तिथेच दिसते. मोहरीतले सिनिग्रिन हे ग्लायकोसाइड मायरोसिनेज या विकराने तुटते आणि ग्लुकोज सुटतो, इथपर्यंत ठीक. पण सिनिग्रिनमध्ये शर्करा गंधकाच्या अणूमार्फत जोडलेली असते, आणि ती सुटल्यावर उरणारे ॲग्लायकोन क्षणभरही टिकत नाही. त्याची रचना आपोआप बदलून ॲलिल आयसोथायोसायनेट तयार होते. नाकात चढते ते हे. म्हणून त्याला ‘सिनिग्रिनचे ॲग्लायकोन’ म्हणणे बरोबर नाही, ‘ॲग्लायकोनपासून बनलेले’ म्हणावे. (फोडणीतली मोहरी अशी झणकत नाही याचे कारणही हेच विकर. तडतडत्या तेलात ते निकामी होते. फेसायच्या मोहरीत पाणी घालावे लागते, आणि ते उकळते घालून चालत नाही.)

नावांच्या शेपटांबद्दलही सांगते, अनुवादात त्याचा उपयोग होईल. जोडीच्या नावाला ‘इन’ आणि ॲग्लायकोनच्या नावाला ‘जेनिन’ हा प्रघात बराच दिसतो. पपनस आणि ग्रेपफ्रूट यांच्या सालीतला कडू पदार्थ म्हणजे नारिंगिन, आणि त्याचे ॲग्लायकोन नारिंजेनिन. हे नाव आपल्याच ‘नारंग’ या संस्कृत शब्दावरून गेलेले आहे. नारिंगिनचा कडवटपणा शर्करेच्या जोडणीवर ठरतो. त्याच नारिंजेनिनला त्याच दोन शर्करा, ऱ्हॅम्नोज आणि ग्लुकोज, जरा वेगळ्या तऱ्हेने जोडल्या की नारिरुटिन होते आणि ते कडू लागत नाही. शर्करा पूर्ण काढली तरी कडवटपणा जातो, म्हणूनच रस गोड करण्यासाठी नारिंजिनेज हे विकर वापरतात. साखर तोडल्यावर कडवटपणा कमी व्हावा हे ऐकायला उफराटे वाटते खरे.

सॅपोनिनच्या (पाण्यात फेस आणणाऱ्या ग्लायकोसाइडच्या) ॲग्लायकोनला सॅपोजेनिन म्हणतात. रिठ्यातल्या सॅपोनिनांचे प्रमुख ॲग्लायकोन हेडेराजेनिन आहे. रंगद्रव्यांत मात्र शेपूट बदलते. कोकमाचा लाल रंग अँथोसायनिनांचा आहे, आणि त्यांची ॲग्लायकोने अँथोसायनिडिन या नावाने ओळखली जातात. म्हणजे ‘जेनिन’ दिसले नाही म्हणून ॲग्लायकोन नाही, असे समजू नये.

मराठी प्रतिशब्दाविषयी माझे मत सांगते. ग्रीकमधला नकारार्थी ‘अ’ आणि संस्कृतातला ‘अ’ हे एकाच मुळाचे असल्यामुळे ‘अशर्करा’ व्युत्पत्तीला धरून आहे, परंतु वाचकाला त्यातून भलताच अर्थ लागतो. ‘शर्करेतर घटक’ पहिल्यांदा समजावण्यासाठी द्यावा आणि पुढे ‘ॲग्लायकोन’ हाच शब्द नपुंसकलिंगी चालवावा: ते ॲग्लायकोन, ती ॲग्लायकोने. शिवाय ‘ग्लायकोसाइड’ आणि ‘ग्लुकोसाइड’ यांची सरमिसळ होऊ देऊ नये. ग्लुकोजच जोडलेला असेल तेव्हाच ग्लुकोसाइड. ज्येष्ठमधातल्या ग्लिसरायझिनमध्ये ग्लुक्युरॉनिक आम्लाचे दोन घटक असतात, त्यामुळे त्याला ग्लुकोसाइड म्हणता येणार नाही.

शब्दशोधिका

आपण सर्वांनी एवढ्या तपशिलाने लिहिलेत, मनःपूर्वक आभार. तक्त्यातल्या दोन्ही ओळी ठेवल्या आहेत आणि दुसरीत ‘जेनिस्टेइन’ केले आहे. मूळ वाक्य आता असे लिहिले आहे: ‘प्रत्येक गोळीत ४० मिलिग्रॅम सोया आयसोफ्लेवोन, ॲग्लायकोनच्या (शर्करेतर घटकाच्या) रूपात.’ हे चालेल का?

प्रयोगशाळेतला

जवळजवळ चालेल, फक्त ‘रूपात’ नको. त्याने गोळीत प्रत्यक्ष मोकळे ॲग्लायकोन भरले आहे असा समज होतो. मूळ मजकूर तसे सांगत नाही. गोळीत जेनिस्टिनच असू शकते, आणि त्याची शर्करा आतड्यात गेल्यावर तुटेल. ‘समतुल्य’ हा शब्द केवळ वजनाच्या हिशेबाचा आहे. म्हणून असे लिहावे: ‘प्रत्येक गोळीत सोया आयसोफ्लेवोन ४० मिलिग्रॅम. हे वजन ॲग्लायकोनच्या, म्हणजे शर्करेतर घटकाच्या, हिशेबाने दिले असून त्यात जोडलेल्या शर्करेचे वजन धरलेले नाही.’ वाक्य लांबले आहे. वेष्टनावर जागा कमी असेल तर दुसरे वाक्य तळटीपेत टाकावे, पण गाळू नये.