प्रतिसाद: 'तेव्हाच कोर्टात का गेले नाहीत?'

वर एकांनी विचारलंय की मूलनिवासींचा जमिनीवर हक्क होताच, तर जमिनी गेल्या तेव्हाच कोर्टात का गेले नाहीत? कॅनडातल्या निस्गा लोकांचं उदाहरण बघा.

ब्रिटिश कोलंबिया प्रांतात नास नदीच्या खोऱ्यात राहणारे हे लोक. १८८७ साली त्यांचे प्रमुख होड्यांतून प्रांताच्या राजधानीपर्यंत, व्हिक्टोरियापर्यंत गेले, जमिनीचा करार करा एवढंच मागायला. प्रीमियरनी, म्हणजे प्रांताच्या सरकारप्रमुखांनी, मागणी धुडकावून लावली. १९१३ साली त्यांनी थेट लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे (साम्राज्यातलं अखेरचं अपील जिथं चालायचं) अर्ज केला. आणि १९२७ साली कॅनडाने काय केलं? जमिनीच्या दाव्यासाठी सरकारी परवानगीशिवाय मूलनिवासींकडून पैसे घेणं हाच गुन्हा ठरवला. म्हणजे वर्गणी काढून वकीलसुद्धा लावायचा नाही! हे कलम १९५१ पर्यंत होतं. 'का गेले नाहीत' याचं उत्तर एवढं सरळ आहे, दार बाहेरून बंद केलं होतं.

ते उघडल्यावर निस्गा नेते फ्रँक काल्डर यांच्या नेतृत्वाखाली हे लोक कोर्टात गेलेच. १९७३ साली कॅनडाच्या सुप्रीम कोर्टात तांत्रिक मुद्द्यावर हरले, पण वसाहतीच्या आधीपासूनचा जमीनहक्क कायद्यात असू शकतो हे बहुतेक न्यायाधीशांनी मान्य केलं. त्यानंतरच सरकार बोलणीला बसलं.

करार लागू झाला २००० साली. सुमारे २,००० चौरस किलोमीटर जमीन आणि स्वतःचं सरकार मिळालं. जमीन, भाषा, संस्कृती यांवर ते स्वतःचे कायदे करतात. पण मागितलेल्या प्रदेशाच्या दहाव्या हिश्श्याहूनही ही जमीन कमी आहे. याला 'सरकारने दिलं' म्हणणं मला अजिबात पटत नाही.